दादासाहेब फाळके : पडद्यावर उरलेले घर

दरवर्षी वर्तमानपत्रांत एक बातमी येते. अमुक अभिनेत्याला अथवा अमुक गायिकेला दादासाहेब फाळके पुरस्कार जाहीर झाला, अशी ती बातमी असते. १९६९ साली देविकाराणींना पहिला पुरस्कार मिळाला, तेव्हापासून हे चालू आहे. एखाद्याच्या नावाने पुरस्कार सुरू झाला की हळूहळू ते नाव पुरस्काराचे होते आणि माणूस मागे पडतो. आमच्या वर्गात कुणालाही विचारा, फाळके म्हणजे हिंदुस्थानातला पहिला चित्रपट काढणारे, एवढे उत्तर मिळते आणि तेथेच ते संपते. त्यातून आपण कोल्हापूर जिल्ह्यातले! चित्रपट म्हटले की आपल्याला बाबूराव पेंटर आठवतात, भालजी आठवतात. फाळके पडले नाशिककडचे, तेव्हा त्यांच्याविषयी आपण जरा परकेपणानेच बोलतो. परंतु याच फाळक्यांनी आपला अखेरचा चित्रपट आपल्या कोल्हापुरात काढला, ही गोष्ट आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहे?

त्या चित्रपटाकडे मी पुढे येणारच आहे. फाळक्यांना चित्रमहर्षी म्हणून ओवाळणारे लेख पुष्कळ झाले आहेत. मला त्यांच्याविषयी लिहावेसे वाटले ते वेगळ्या कारणाने. या माणसाने कॅमेरा हाती घेतल्यावर तो सर्वप्रथम आपल्या घराकडे वळवला; अंगणातली पोरे, कुंडीतले रोप, पोटचा मुलगा, पोटची मुलगी हे सगळे टिपले. पुढे काळाने त्यांचे जवळजवळ सारे चित्रपट गिळून टाकले. जे थोडे तुकडे उरले, त्यांतही प्रामुख्याने उरले ते हे घरच.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. वडील दाजीशास्त्री संस्कृतचे जाणकार पंडित होते. मुंबईच्या विल्सन कॉलेजात त्यांना संस्कृतच्या अध्यापकाची जागा मिळाली आणि बिऱ्हाड मुंबईस आले. भिक्षुकीच्या घरातल्या या मुलाने वेद म्हणावेत, पूजापाठ शिकावा, ही अपेक्षा स्वाभाविकच होती. धुंडिराजाचे चित्त मात्र चित्रांत, नाटकांत आणि जादूच्या खेळांत. १८८५ मध्ये तो सर जे. जे. कलाशाळेत दाखल झाला. पुढे थोरले बंधू शिवरामपंत बडोद्यास होते म्हणून तिकडे गेला. सयाजीराव महाराजांच्या बडोद्यात प्राध्यापक गज्जरांनी १८९० साली कलाभवन उभारले होते. तेथे चित्रकला, शिल्प, छायाचित्रण, जे जे मिळेल ते फाळक्यांनी शिकून घेतले. छायाचित्रांची प्रयोगशाळा गज्जरांनी त्यांना मोकळी करून दिली होती. ठसे करण्याची विद्याही त्यांनी याच काळात हस्तगत केली.

शिकलेल्या विद्येवर पोट भरायचे म्हणून फाळक्यांनी गुजरातेतल्या गोध्रा गावी फोटोग्राफीचा धंदा मांडला. तोवर त्यांचे लग्न झाले होते. त्या काळी अशी समजूत होती की या यंत्रासमोर उभे राहिले की ते माणसाची शक्ती ओढून घेते आणि आयुष्य उणे होते. ही समजूत ऐकून आज आपण हसतो; पण फार हसण्याचे कारण नाही. आमच्या कोडोलीतही तसे मानणारी म्हातारी माणसे होती. माझ्या आजीचा एकही फोटो घरात नाही, तो याच कारणाने. आजोबांचा आहे, हार घातलेला, सोप्यात लावलेला. त्याच्या शेजारची खुंटी मोकळी आहे. आता आजीचा चेहरा कसा होता असे धाकट्या बहिणीने विचारले, तर घरातले चौघे चार तऱ्हेचे सांगतात.

१९०० च्या सुमारास प्लेगाची साथ गोध्र्यास पोहोचली. त्या वर्षांत प्लेगाने आपल्या मुलखातही काय हाहाकार केला, शाहू महाराजांच्या कोल्हापुरात गावेच्या गावे शिवारात झोपड्या घालून कशी राहिली, हे आपण इतिहासात वाचलेले आहे. गोध्र्याच्या त्या साथीत फाळक्यांची पत्नी गेली, मूलही गेले. तिशीतला हा माणूस दुकान मोडून बडोद्यास परतला. ज्या यंत्राला लोक आयुष्य खाणारे म्हणत, ते हाती धरणाऱ्याचेच घर रिकामे झाले, हा योग क्रूर खराच. चरित्रकार या प्रसंगावर दोन ओळी लिहून पुढे जातात, कारण त्यांना १९१३ ची घाई असते. मला मात्र राहून राहून वाटते, की पुढे आयुष्यभर या माणसाला हलते चित्र पकडण्याचे जे वेड लागले, त्याच्या तळाशी गोध्र्याचे ते रिकामे घर कोठेतरी असले पाहिजे. हा माझा तर्क आहे. त्याला पुरावा मागू नये!

त्यानंतरची काही वर्षे फाळक्यांनी अनेक उद्योगांत घालवली. नाटकांसाठी पडदे रंगवले. जादू शिकले आणि आपलेच आडनाव उलटे करून प्रोफेसर केल्फा या नावाने खेळ केले. १९०२ मध्ये गिरिजा करंदीकर यांच्याशी त्यांचा दुसरा विवाह झाला. किर्लोस्कर नाटक मंडळीच्या मालकांची ही भाची. सासरी तिचे नाव सरस्वती ठेवले गेले. १९०३ मध्ये पुराणवस्तू खात्यात छायाचित्रकार व आरेखक म्हणून नोकरी लागली. ती वंगभंगाच्या चळवळीच्या वातावरणात १९०६ मध्ये सोडली. लोणावळ्यास छापखाना काढला, तेथे राजा रविवर्म्याच्या चित्रांचे ठसे केले. मग छापखाना दादरला आला, भागीदार मिळाले, लक्ष्मी आर्ट प्रिंटिंग वर्क्स हे नाव झाले. १९०९ मध्ये रंगीत छपाईची नवी यंत्रे पाहण्यासाठी फाळके जर्मनीस जाऊन आले. परत आल्यावर भागीदारांशी बिनसले. फाळके एका शब्दावर चालता धंदा सोडून बाहेर पडले. या स्वभावाचे दर्शन आपल्याला पुढेही घडणार आहे. कलावंत म्हणून तो तेजस्वी वाटतो. घरात चार तोंडे खाणारी असताना तो कसा वाटत असेल, हे सरस्वतीबाईंनाच ठाऊक!

अशा बेकारीच्या दिवसांत, १९१०-११ च्या सुमारास, गिरगावातल्या तंबूवजा चित्रगृहात फाळक्यांनी हलती चित्रे पाहिली. थोरला मुलगा भालचंद्र बरोबर होता. दुसऱ्या खेपेस बायकोलाही घेऊन गेले. ख्रिस्ताच्या चरित्रावरचा पट चालू होता. पडद्यावर ख्रिस्त चालत असताना फाळक्यांच्या डोळ्यांपुढे राम, कृष्ण, अयोध्या, गोकुळ उभे राहू लागले, ही हकीकत शाळेच्या पुस्तकातही येऊन गेली आहे. त्यानंतरचे काही महिने ते रोज चार-पाच तास चित्रपट पाहत, उरलेल्या वेळी यंत्रांशी झटापट करीत आणि रात्री जेमतेम तीन तास झोपत. डोळ्यांवर ताण पडून दृष्टी जाण्याची वेळ आली. डॉक्टरांच्या उपचारांनी आणि निरनिराळ्या चष्म्यांच्या आधाराने ती कशीबशी परत मिळाली.

इंग्लंडास जाऊन यंत्रसामग्री आणायची तर पैसा हवा. आयुर्विम्याची बारा हजारांची पॉलिसी होती, तिच्यावर दहा हजारांचे कर्ज काढले. विमा कशासाठी असतो? आपण गेलो तर मागे घर उघडे पडू नये म्हणून. ज्याने एकदा घर मृत्यूला दिले, त्याने दुसऱ्या घराचा आधार कॅमेऱ्यासाठी गहाण टाकला! १ फेब्रुवारी १९१२ रोजी फाळके बोटीत बसले. लंडनमध्ये बायोस्कोप नावाच्या साप्ताहिकाच्या संपादकांना ओळखीपाळखीवाचून जाऊन भेटले. त्यांच्या ओळखीने सेसिल हेपवर्थ यांचा वॉल्टन येथील स्टुडिओ आतून पाहायला मिळाला. पन्नास पौंडांचा विल्यमसन कॅमेरा घेतला, कोडॅकची कच्ची फिल्म आणि भोके पाडण्याचे यंत्र मागवले आणि एप्रिलच्या आरंभी ते घरी परतले.

यंत्रे आल्यावर घरातल्या व शेजारच्या मुलांवर कॅमेरा चालवून पाहिला. हे पहिले चित्रण आज उपलब्ध नाही. पण पैसेवाल्यांना पटेल असे काहीतरी करून दाखवणे भाग होते. फाळक्यांनी एका कुंडीत वाटाण्याचा दाणा पेरला, कॅमेरा तिच्यापुढे रोखून ठेवला आणि महिनाभराहून अधिक काळ त्या रोपाची चित्रे घेतली. पडद्यावर पाहताना मातीतून अंकुर फुटतो, वर येतो, वेल वाढतो, हे सारे मिनिटभरात घडते. रोज एकच चित्र घेतले असे पुष्कळ ठिकाणी लिहिलेले आढळते. पण मी साधा हिशेब करून पाहिला. त्या काळी कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवून सेकंदाला सुमारे सोळा चित्रे घेत. रोज एक या दराने दीड महिन्यात पंचेचाळीस चित्रे होतील आणि ती पडद्यावर तीन सेकंदांत संपतील. म्हणजे रोज बरीच चित्रे घ्यावी लागली असणार, ठरावीक अंतराने, उजेड सांभाळून, कॅमेरा केसभरही न हलवता. लहान मुलांच्या घरात ती कुंडी इतके दिवस जागची हलली नाही, यातच घराची शिस्त दिसते. शेती करणाऱ्या आपल्या घरांत अंकुर ही रोजची गोष्ट. आपण त्याला वाढताना कधी पाहत नाही, वाढलेला पाहतो. फाळक्यांनी तो वाढताना दाखवला. पुढे देवादिकांच्या शेकडो कथा पडद्यावर आणणाऱ्या या माणसाची सुरुवात एका वास्तव घटनेच्या चित्रणाने झाली, याचे मला विशेष वाटते. आज ज्याला आपण माहितीपट म्हणतो, त्याचा आपल्याकडचा एक आरंभ या कुंडीत आहे. वास्तव चित्रण फाळक्यांच्याही आधी सावेदादा भाटवडेकरांनी केले होते. १८९९ मध्ये मुंबईत त्यांनी कुस्तीचे चित्रण केले, हे कुस्तीच्या प्रांतातल्या आपण लोकांनी विसरता कामा नये.

वाटाण्याच्या रोपाने काम केले. स्नेही यशवंतराव नाडकर्णी यांनी पैसे देऊ केले. बाकीच्या रकमेसाठी सरस्वतीबाईंचे दागिने गेले.

सरस्वतीबाईंविषयी थोडे सविस्तर लिहिले पाहिजे, कारण बहुतेक लेखांत त्या दागिन्यांपुरत्याच येतात. फिल्म विलायतेहून येत असे ती नुसती गुळगुळीत पट्टी. तिच्या कडांना भोके नसत. ही भोके पाडल्याखेरीज फिल्म यंत्रात ओढलीच जात नाही. चित्राच्या दोन्ही कडांना प्रत्येकी चार भोके. एका फुटात सोळा चित्रे, म्हणजे फुटाला एकशेअठ्ठावीस भोके. राजा हरिश्चंद्र या चित्रपटाची लांबी ३,७०० फूट भरली. गुणाकार करून पाहा : पावणेपाच लाखांच्या घरात संख्या जाते, आणि ही केवळ पूर्ण झालेल्या चित्रपटाची; वाया गेलेली फिल्म, दुसऱ्या प्रती यांचा हिशेब वेगळाच. भोके यंत्राने पाडीत हे खरे. पण यंत्र हाताने चालवायचे आणि तेही अंधारात, कारण कच्च्या फिल्मला उजेडाचा किरण लागला की ती फुकट गेली. अंतर चुकले तर पडद्यावर चित्र नाचणार. दिवसभर साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक उरकल्यावर, मुले झोपल्यावर, रात्री सरस्वतीबाई हे काम करीत. दिवसा चित्रण चालू असले की उन्हाचा उजेड नटांच्या तोंडावर परतवण्यासाठी पांढरी चादर धरून उभ्या राहत. फिल्म धुण्याची रसायने मिसळण्याचेही त्या शिकल्या. चित्रपटाच्या पहिल्या तंत्रज्ञ स्त्रीचे नाव कुणी विचारले, तर आपल्याकडे दुसरे नाव सांगण्याची गरज नाही.

दादरच्या मुख्य रस्त्यावरच्या मथुरा भवनात घर आणि स्टुडिओ एकच झाले. नट जमवताना आलेल्या अडचणी सर्वश्रुत आहेत. तारामतीच्या भूमिकेसाठी बाईमाणूस मिळेना. नाटकवाल्यांप्रमाणे सिनेमावालेही बदनाम. फाळक्यांनी सरस्वतीबाईंनाच विचारले होते आणि इतकी कामे अंगावर असताना ते कसे जमणार म्हणून त्यांनी नकार दिला, असे सांगतात. अखेर एका उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. त्याहून मोठी अडचण रोहिदासाची. रोहिदास वनात हाल सोसतो आणि मरतो. आपल्या मुलाला पडद्यावर मेलेला दाखवायला कोणते आईबाप तयार होतील? कुणीही झाले नाहीत. तेव्हा फाळक्यांनी भालचंद्राला उभे केले. एक मूल प्लेगात गमावलेल्या बापाने दुसऱ्या मुलाला मृत्यूच्या भूमिकेत उभे करावे, हा केवढा विश्वास म्हणायचा! का त्याला निर्दयपणा म्हणायचे?

हा प्रश्न मी उगाच विचारीत नाही. बाहेरगावच्या चित्रणाच्या वेळी खेळताना भालचंद्र खडकावर पडला, डोक्यातून रक्त आले, शुद्ध हरपली. औषधोपचार झाला. सूर्य कलत होता, रोहिदासाच्या मृत्यूचे दृश्य राहिले होते. बेशुद्ध मुलालाच चितेच्या दृश्यासाठी ठेवून फाळक्यांनी ते दृश्य पुरे केले, अशी हकीकत बापू वाटव्यांसारख्या चरित्रकारांनी सांगितलेली आहे. कर्तव्यनिष्ठेचे उदाहरण म्हणून ती सांगितली जाते. मला ती वाचताना प्रत्येक वेळी कॅमेऱ्यामागच्या माणसापेक्षा चादर धरून उभ्या असलेल्या बाईचाच विचार मनात येतो. मूल पुढे बरे झाले, म्हणून आपण ही गोष्ट आज कौतुकाने सांगू शकतो, इतकेच.

सहा महिने सत्तावीस दिवसांत चित्रपट पुरा झाला. २१ एप्रिल १९१३ रोजी मुंबईच्या ऑलिंपिया चित्रगृहात निमंत्रितांसाठी खेळ झाला आणि ३ मे १९१३ पासून गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये तो लोकांसाठी लागला. पुढचे यश सर्वांना माहीत आहे. फाळक्यांनी बिऱ्हाड नाशिकला हलवले आणि मोहिनी भस्मासुर, सत्यवान सावित्री असे चित्रपट काढले. मोहिनी भस्मासुरात दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई या मायलेकी पडद्यावर आल्या, आणि बायकांचे काम बायका करू लागल्या. १९१७ चा लंकादहन तर असा चालला की नाण्यांची पोती बैलगाडीतून न्यावी लागली म्हणतात.

पण याच काळात फाळके लहानलहान वास्तवपटही काढीत होते, याकडे फारसे लक्ष जात नाही. पैसाफंडातून उभा राहिलेला तळेगावचा काच कारखाना त्यांनी चित्रित केला. लोकांनी पैसा पैसा जमवून उभारलेला तो कारखाना म्हणजे स्वदेशीचे एक तीर्थच होते. आगकाड्यांची मौज या पटात आगकाड्याच हलतात आणि आकार घेतात. १९१७ मध्ये चित्रपट कसे तयार करतात, हे दाखवणारा एक पट केला. त्यात फाळके स्वतः दिसतात; नटांना सूचना देतात, फिल्म हातात धरून पाहतात, जोडणी करतात. त्याचे तुकडे आजही पाहायला मिळतात. कामात गढलेला, अंगात साधे कपडे, आजूबाजूला जग आहे याचे भान नसलेला हा गृहस्थ पाहताना आपल्या गावातल्या एखाद्या सुतार-लोहाराची आठवण होते.

१९१७ च्याच सुमारास राजा हरिश्चंद्राची प्रत बैलगाडीतून एका गावाहून दुसऱ्या गावी नेताना उन्हाच्या तापाने पेटून नष्ट झाली, असे सांगतात. त्या काळची फिल्म नायट्रेटची, उष्णतेने भडकणारी. फाळक्यांनी तो चित्रपट पुन्हा चित्रित केला. आज आपण जे तुकडे राजा हरिश्चंद्र म्हणून पाहतो, ते १९१३ चे नसून या दुसऱ्या चित्रणाचे आहेत, असे बऱ्याच अभ्यासकांचे मत आहे. गेलेली गोष्ट पुन्हा उभी करता येते, असे हा माणूस मानीत होता!

१९१८ साली मुंबईच्या भांडवलदारांबरोबर हिंदुस्थान फिल्म कंपनी स्थापन झाली. कंपनीच्या श्रीकृष्णजन्म आणि १९१९ च्या कालियामर्दन या दोन्ही चित्रपटांत बाळकृष्णाचे काम केले फाळक्यांच्या मुलीने, मंदाकिनीने. कालियामर्दन हा चित्रपट बराचसा वाचला आहे, आणि माझ्या मते फाळके कोण होते हे जाणायचे तर चरित्रे बाजूला ठेवून तोच पाहावा. सुरुवातीलाच कृष्ण दिसत नाही. दिसते एक साधी मुलगी. वय सहा-सात वर्षांचे. ती कॅमेऱ्याकडे पाहून वेगवेगळे भाव करून दाखवते. जवळून, केवळ चेहरा. मग हळूहळू तो चेहरा विरघळतो आणि त्या जागी मोरपीस लावलेला कृष्ण येतो. बाप प्रेक्षकांना सांगतो आहे की ही माझी मुलगी, आणि आता हिला देव होताना पाहा. चमत्कार दाखवणारा जादूगार खेळाच्या आधी रिकामे हात दाखवतो ना, तसेच हे आहे. पुढे कृष्ण सवंगड्यांबरोबर लोणी चोरतो, झोपलेल्या सावकाराची दाढी त्याच्या बायकोच्या केसांना बांधून ठेवतो, ही धमाल आजही हसवते. मग यमुनेत उडी, कालियाशी झुंज आणि काठावर आक्रोश करणारी आई. बुडालेल्या मुलासाठी तळमळणारे आईबाप फाळक्यांनी ज्या जिव्हाळ्याने दाखवले आहेत, ते केवळ पुराणातून आलेले नाहीत असे मला वाटते. शेवटी मूल पाण्यातून वर येते, नागाच्या फण्यावर नाचत.

भांडवलदारांशी फाळक्यांचे जमणे शक्यच नव्हते. खर्चावरून, कारभारावरून खटके उडाले आणि कंपनी सोडून ते सहकुटुंब काशीस गेले. तेथे त्यांनी रंगभूमी नावाचे नाटक लिहिले. ते रंगभूमीवर आले, पण चालले नाही. १९२२ मध्ये परत नाशिकला येऊन त्याच कंपनीत ते पुन्हा चित्रपट काढू लागले. या दुसऱ्या काळातल्या कामात पूर्वीची चमक नव्हती, हे मान्य केले पाहिजे. जग पुढे गेले होते. आपल्या कोल्हापुरातच बाबूराव पेंटर नवे काही घडवीत होते. फाळक्यांचा चित्रपट पाहून बाबूराव आणि त्यांचे भाऊ आनंदराव यांनी स्वतःचा कॅमेरा बनवण्याचा ध्यास घेतला. १९१६ मध्ये आनंदराव गेले. बाबूरावांनी दामल्यांच्या मदतीने १९१८ मध्ये कॅमेरा पुरा केला आणि १९२० मध्ये सैरंध्री पडद्यावर आणली. भाऊ गमावल्यावर त्याचे अर्धे राहिलेले यंत्र पूर्ण करणाऱ्या बाबूरावांवर स्वतंत्र लेख व्हायला हवा. फाळक्यांचा सेतुबंधन १९३२ मध्ये मूकपट म्हणून तयार झाला तोवर बोलपट येऊन वर्ष उलटले होते. मग त्याला मागाहून आवाज जोडावा लागला.

आणि आता कोल्हापूर. राजाराम महाराजांच्या आश्रयाने कोल्हापूर सिनेटोन ही संस्था उभी राहिली होती. तिच्यासाठी बोलपट काढण्याचे निमंत्रण फाळक्यांना आले, तेव्हा त्यांचे वय चौसष्ट होते. चित्रपट ठरला गंगावतरण. अडीच लाख रुपये खर्च आणि सुमारे दोन वर्षांचे काम. वीस-बावीस वर्षांपूर्वी घरच्या चादरीने उजेड परतवणाऱ्या या माणसाला प्रथमच संस्थानी इतमामाची साधने मिळाली. आणि त्याने विषय कोणता घेतला? सगराच्या साठ हजार मुलांची राख होते आणि त्यांना गती मिळावी म्हणून पिढ्यान् पिढ्या खपून वंशजांनी गंगा आणावी, अशी ही कथा. चित्रपट ६ ऑगस्ट १९३७ रोजी मुंबईच्या रॉयल ऑपेरा हाऊसमध्ये लागला. फाळक्यांचा हा एकमेव खरा बोलपट आणि अखेरचा चित्रपट. चमत्कारांची दृश्ये त्यांनी उत्तम साधली, परंतु संवादांच्या आणि गाण्यांच्या युगात त्यांची कथनशैली जुनी वाटली. व्यवसायात ते पुन्हा उभे राहू शकले नाहीत.

ज्या कोल्हापूर सिनेटोनमध्ये गंगावतरण झाला, ती वास्तू पुढे भालजींकडे गेली आणि जयप्रभा स्टुडिओ झाली. १९४८ च्या जळितात तिचे काय झाले, हे आपल्या घरोघरच्या वडीलधाऱ्यांनी सांगितलेले आहे. आम्ही कोडोलीची मुले एस.टी.ने कोल्हापुरास जातो, मंगळवार पेठेतून हिंडतो. तेथे कधी फाळके काम करीत होते हे आम्हांला कुणी सांगितले नव्हते. मीही ते पुस्तकातूनच वाचले.

अखेरची वर्षे नाशिकला गेली. प्रकृती खालावली होती, पैसा नव्हता. हिंदी चित्रपटसृष्टीने रौप्यमहोत्सव साजरा केला, तेव्हा त्यांचा गौरव झाला खरा. पण महायुद्धाच्या काळात चित्रपट काढायला सरकारी परवाना लागे. म्हाताऱ्या फाळक्यांनी आणखी एक चित्रपट काढण्याची परवानगी मागितली होती. नकाराचे पत्र आले आणि त्या धक्क्यातून ते सावरले नाहीत, असे चरित्रकार लिहितात. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे त्यांचे निधन झाले.

त्यांनी शंभराच्या आसपास चित्रपट आणि कित्येक लघुपट काढले. त्यांतले फारच थोडे राहिले. काही जळाले, काही दमट हवेत चिकटून लगदा झाले. जुन्या फिल्मवर चांदीचा थर असतो, त्या चांदीसाठी आपल्याकडे कितीतरी मूकपट वितळवले गेले. पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले आणि पी. के. नायर यांनी गावोगाव हिंडून उरलेसुरले गोळा केले. फाळक्यांचे जे तुकडे त्यांना मिळाले, त्यांतला मोठा भाग फाळक्यांच्या कुटुंबीयांनी जपून ठेवलेला होता. कंपन्या बुडाल्या, भांडवलदार गेले. डबे राखले ते घराने. म्हणून राजा हरिश्चंद्राचे, लंकादहनाचे, श्रीकृष्णजन्माचे काही भाग आणि कालियामर्दनाचा बराचसा पट आज आपण पाहू शकतो. आता तर मोबाईलवरही पाहता येतो.

ते सारे तुकडे मी एका सुट्टीत ओळीने पाहिले. मंदाकिनी आहे, स्वतः फाळके आहेत, मुलीसारखे मुरडणारे अण्णा साळुंके आहेत. सरस्वतीबाई कुठेच नाहीत. त्यांचे एकदोन फोटो चरित्रांतून छापलेले आहेत, पण हलत्या चित्रात त्या नाहीत. मग मी एक केले. कालियामर्दन चालू असताना मोबाईलवर चित्र थांबवून पाहिले. पट जुना, ओरखडलेला. मंदाकिनीचे डोळे कॅमेऱ्याच्या किंचित बाजूला वळलेले होते. चादर धरून माणूस उभे राहते, साधारण त्या बाजूला.